तिसऱ्या फेरीतला आवाज

मंगळवार, ११ फेब्रुवारी १९६९. सकाळचे दहा वाजून चाळीस मिनिटं. पाळण्याची तिसरी फेरी अर्ध्यावर आली असताना टॅड ग्राबेकने उजवा हात वर केला. पाळणा थांबवण्यात आला.

खोलीत बोलायला बंदी होती. हवेचे पंखेही बंद होते. हात वर करण्याचा एकच अर्थ होता. आत काहीतरी सुटं आहे आणि ते ऐकू आलं आहे.

पाळणा म्हणजे दोन मजली उंचीचं लोखंडी कडं. चंद्रावर उतरायच्या यानाचा वरचा भाग त्यात बांधायचा आणि सावकाश उलटासुलटा फिरवायचा. दोन माणसं उभ्याने मावतील एवढीच यानाच्या आतली जागा. खुर्च्या नाहीत, वजन वाचवायला त्या आराखड्यातूनच काढल्या होत्या. भिंत काही ठिकाणी स्वयंपाकघरातल्या चांदीच्या कागदाच्या तीन पदरांएवढी पातळ. जोडणीच्या वेळी आत एखादा वॉशर, तारेचा तुकडा, स्क्रू राहिला असेल तर फिरवताना तो घरंगळतो आणि वाजतो. जमिनीवर असली वस्तू कोपऱ्यात पडून राहते. वर गेल्यावर ती तरंगते आणि कुठेही पोचते. विजेच्या बटणांच्या फळीमागे पोचली आणि दोन तारांना एकदम टेकली, तर पुढे काय होतं ते त्या खोलीत कोणाला सांगावं लागत नव्हतं. चंद्रावरून परत उठायला एकच इंजिन होतं.

ऐकायला तिघं असत. ग्राबेक चौपन्न वर्षांचा, बाकीचे दोघे तिशीच्या आतले. पाळीचा मुकादम लू कास्टाल्डो त्याच्याजवळ आला.

"काय ऐकलंस?"

"टिक. एकदाच."

"कुठे?"

"उजवीकडे. बटणांच्या फळीमागे."

कास्टाल्डोने बाकीच्या दोघांकडे पाहिलं. दोघांनी नकारार्थी माना हलवल्या.

"फिरवा परत," तो म्हणाला.

पाळणा आणखी चारदा फिरला. कोणालाच काही ऐकू आलं नाही. ग्राबेकलाही नाही.

"दोन दिवस बर्फ उपसलास म्हाताऱ्या, तोच कानात गेला असेल."

"बर्फ वाजत नाही, लू."

"कोणत्या कानाने ऐकलंस?"

 युद्धात ग्राबेक आणि कास्टाल्डो याच कारखान्यात लढाऊ विमानांचे पत्रे रिव्हेट करत. हातोडा ग्राबेकच्या उजव्या कानापाशी असे. तो कान गेला हे कास्टाल्डोला पंचवीस वर्षं माहीत होतं आणि पंचवीस वर्षांत त्याने ते कोणाला सांगितलं नव्हतं. दरवर्षी कान तपासताना ग्राबेक नर्सच्या खांद्याकडे पाहत असे. तिने बटण दाबलं की खांदा जरासा हले आणि हा बोट वर करी. पेन्शनला अकरा महिने उरले होते.

आवाज त्याने कुठल्याच कानाने ऐकला नव्हता. फेरी सुरू झाली की पाळणा ज्या आधारावर फिरे, त्या आधाराच्या नळीला तो जबड्याचं हाड टेकवून उभा राही. आतली वस्तू आपटली की ती त्याला दातात कळे. अशा पद्धतीने त्याने दोन वर्षांत सात वस्तू धरल्या होत्या. सातही सापडल्या होत्या. पण ही पद्धत सांगायची म्हणजे कानाचंही सांगायला लागणार होतं.

"फळी उघडू या," तो म्हणाला.

"फळी उघडली की चारशे जोडण्या सुटतात. चारशे पुन्हा जोडायच्या, चारशे पुन्हा तपासायच्या. एक टिक शोधायला जायचं आणि दोन नवीन चुका आत ठेवून यायचं. आणि शुक्रवारी यान न्यायला विमान येतंय. तुला मी नाही म्हणत नाही, टॅड. मी विचारतोय, खात्री आहे का?"

हा प्रश्न गैर नव्हता. उघडलेल्या फळीत नवीन चूक राहण्याचा अनुभव त्या कारखान्याने दोनदा घेतला होता.

ग्राबेकने नोंदवहीत लिहिलं : तिसरी फेरी, एक आवाज, उजवी फळी, पुन्हा आढळला नाही. खाली आपला शिक्का मारला.

हे यान घेऊन जाणारा कॅप्टन रस एलिंगबो त्या दिवशी कारखान्यातच होता. आतले पट्टे अंगाला बरोबर बसतात का ते पाहायला आला होता आणि फेऱ्या त्याने काचेपलीकडून पाहिल्या होत्या. दुपारी कँटीनमध्ये तो वाटाण्याच्या सुपाचा वाडगा घेऊन ग्राबेकच्या समोर येऊन बसला. कास्टाल्डो शेजारी पावाला लोणी लावत होता.

"मिस्टर ग्राबेक, वाजलं का?"

"वाटलं, कॅप्टन."

"वाटलं की वाजलं?"

कास्टाल्डोचा हात थांबला नाही. ग्राबेकने आपल्या सुपाकडे पाहिलं.

"वाटलं," तो म्हणाला.

एलिंगबोने मान हलवली. "बरं. मीठ सरकवा जरा."

गुरुवारी ग्राबेकला डॉक्टरांनी बोलावलं. आवाज ऐकल्याची नोंद एकाचीच असेल तर त्याचे कान तपासायचे, असा नियम होता. डॉक्टर नवे होते. त्यांनी त्याला पाठमोरं बसवलं. अर्ध्या तासाने कागदावर लिहिलं गेलं : उजवा कान निकामी, डाव्या कानाला बारीक आवाज येत नाहीत. ११ तारखेची नोंद ग्राह्य धरू नये. ग्राबेकची बदली गोदामात झाली. शुक्रवारी दुपारी यान खोक्यात बंद होऊन विमानाने फ्लोरिडाला, उड्डाणतळावर गेलं.

सोमवार, १७ फेब्रुवारी. दुपारी साडेतीनला पाळी सुटली, तेव्हा नोरीन स्केहन ग्राबेकच्या गाडीपाशी उभी होती. एकोणतीस वर्षांची, त्या फळीवरच्या तारा बसवणाऱ्यांपैकी. गाड्यांच्या दोन्ही बाजूंना बर्फाचे काळपट ढीग होते.

"मिस्टर ग्राबेक, पाच मिनिटं आहेत?"

"गोदामात मला वेळच वेळ आहे. बोल."

"नटांची पिशवी आज परत केली. चोवीस आले होते, वीस लागले. चार उरायला हवे होते."

"किती उरले?"

"तीन."

ग्राबेकने गाडीचं दार लावलं.

"मोजणी कोणी केली होती?"

"मी. मंगळवारी सकाळी, फेऱ्यांच्या आधी. दोघींनी करायची असते, पण आर्लीनची बस बर्फात अडकली. पाळणा वाट पाहत होता. मी हातमोज्यातून पिशवी दाबली, चार वाटले. चार लिहिले."

"आणि दुसरी सही?"

"तीही मीच केली. आर्लीनची."

"तिला माहीत आहे?"

"तिला कशाला माहीत हवं? पाप माझं, तिला का ओढू?"

"नट खालीही पडला असेल. झाडणारे चुंबक फिरवतात."

"चुंबकाला नाही लागत तो. जानेवारीपासून ॲल्युमिनियमचे आलेत. वजन वाचवायला." तिने लोकरी हातमोजा काढला. तळव्यावर वाटाण्यापेक्षा लहान, करडा नट होता. "हा नव्या पिशवीतला. आणायला नको होता, पण आणला."

ग्राबेकने तो बोटांत धरला. हातात काही आहे असं वाटत नव्हतं.

घरी त्याने कॉफीचा रिकामा पत्र्याचा डबा स्वयंपाकघरातल्या टेबलावर ठेवला आणि बायकोला, वांडाला, समोर बसवलं. वांडाचे कान असे की शेजारच्यांचा नळ गळला तर तिला इकडे कळे. तिला डोळे मिटायला सांगून त्याने आधी जुना पोलादी नट डब्यात टाकला.

"पडला," वांडा म्हणाली.

मग त्याने डब्यात चिंधी घातली, फळीमागे तारांचे जुडगे असतात तशी, आणि करडा नट टाकला.

"टाक की," ती म्हणाली.

"टाकला."

"खोटं बोलू नकोस. सूप उतू जाईल तिकडे."

त्याने जबडा टेबलाला टेकवला आणि तिला नट टाकायला लावला. तिने कधी टाकला, कधी नुसताच हात हलवला. दहापैकी आठदा त्याने बरोबर ओळखलं. दोनदा चुकला.

"टेबलावर डोकं ठेवून तुला कळतं," वांडा म्हणाली, "आणि हे तू त्या लोकांना सांगितलं नाहीस?"

"नाही."

"का?"

तो चिंधी झटकत राहिला. वांडा सूप उतरवायला उठली.

मंगळवारी सकाळी तो कास्टाल्डोच्या टेबलापाशी उभा राहिला. डबा, चिंधी आणि दोन्ही नट त्याने समोर ठेवले आणि जबड्याचं सगळं सांगितलं. कास्टाल्डोने ते ऐकून घेतलं. मग उठून दार लावलं.

"गेल्या मंगळवारी तोंड शिवलं होतं का तुझं?"

"तू विचारलंस, कोणत्या कानाने."

"मी तुला वाचवायला विचारलं होतं."

"ठाऊक आहे मला."

"कॅप्टन समोर बसला होता. सूप पीत होता. त्याच्या तोंडावर तू 'वाटलं' म्हणालास."

"म्हणालो."

कास्टाल्डोने करडा नट डब्यात टाकला आणि कान लावला. परत टाकला.

"आपणच हलके केले," तो म्हणाला. "नट बदलायची सूचना या पाळीतून गेली होती. सही माझी आहे."

 मग त्याने टाइपरायटर पुढे ओढला. "पोरीचं लेखी हवं. त्याशिवाय फ्लोरिडात कोणी पान उलटणार नाही. ती देईल?"

नोरीनने लिहून दिलं. आर्लीनचं नाव घालायला लागलं तेव्हा ती एकदा थांबली. मग तिने लिहिलं की त्या सकाळी आर्लीन कामावर नव्हती, तिच्या नावाची सही माझी आहे. बुधवारी, १९ तारखेला, तीन पानं फ्लोरिडाला गेली. गुरुवारी नोरीनला चौकशी होईपर्यंत घरी बसवण्यात आलं. फाटकाशी तिने आपलं ओळखपत्र पहारेकऱ्याला दिलं.

"सुट्टी?" त्याने विचारलं.

"हो," ती म्हणाली, "बर्फ बघते आता घरी बसून."

फ्लोरिडाचं पहिलं उत्तर शनिवारी आलं. यानाला तीन दिवस वीज देऊन सर्व बटणं तपासली आहेत, कुठेही दोष आढळलेला नाही. कास्टाल्डोने उलट तार केली : जमिनीवर तो पडून राहणार, दोष वर गेल्यावर दिसेल. त्यावर कळवण्यात आलं की प्रकरण तपासणी मंडळापुढे ठेवलं आहे.

रविवारी दुपारी, चर्चमधून परतल्यावर, ग्राबेकच्या घरी फोन वाजला. वांडाने घेतला आणि रिसीव्हर त्याच्या डाव्या कानाशी धरला.

"मिस्टर ग्राबेक, एलिंगबो बोलतोय. तुमची तीन पानं वाचली."

"कॅप्टन, त्या दिवशी मी..."

"ते राहू द्या. फळीच्या वरच्या बाजूला की खालच्या?"

"खालच्या. तुमचा जोडीदार उभा राहील ना, त्याच्या कोपराच्या मागे."

"इंजिनाचं बटण तिथून किती लांब?"

"दीड वीत."



"आता विचारतो. वाटलं की वाजलं?"

"वाजलं," ग्राबेक म्हणाला. "पण दहात दोनदा मी चुकतो. घरी डब्यावर करून पाहिलं."

"आठदा नाही चुकत."

"नाही."

"उघडायला दोन मतं आहेत इथे. उघडलं तर उड्डाण महिनाभर मागे जाईल म्हणतात. चारशे जोडण्यांचंही म्हणतात, आणि त्यात खोटं काही नाही."

"तुमचं मत काय, कॅप्टन?"

"माझं मत विचारलेलं नाही. मी दिलंय." त्याने फोन ठेवला.

उजवी फळी उघडण्याच्या परवान्यावर चार सह्या लागतात. शुक्रवार, २८ फेब्रुवारीच्या दुपारी कास्टाल्डोने फ्लोरिडाला फोन करून विचारलं. तीन झाल्या होत्या. चौथ्या सहीचे गृहस्थ बैठकीसाठी ह्यूस्टनला गेले होते, सोमवारी सकाळी परतणार होते. यानाचा वरचा भाग खालच्या भागावर बसवण्याचं काम सोमवारी सकाळी सात वाजता सुरू व्हायचं होतं. एकदा ते झालं की फळी उघडण्यासाठी सगळं पुन्हा सुटं करावं लागतं.

कास्टाल्डो गोदामात आला आणि त्याने ग्राबेकला हे सांगितलं. ग्राबेकने विचारलं की त्यांचं विमान किती वाजताचं आहे.

"सव्वाआठला उतरतं," कास्टाल्डो म्हणाला.

शुक्रवारी साडेतीनला पाळी सुटली, तेव्हा सोमवारच्या सातच्या जोडणीच्या वेळापत्रकात बदल झालेला नव्हता.