काशीची उडी

नातीनं, अमितानं, मोबाइलवर शोधून तो जुना काळापांढरा प्रेमपट टीव्हीवर लावला, तेव्हा दुपारचे चार वाजले होते. धोंडूबाईनं तो कधी पाहिलाच नव्हता. तिच्या बापानं घरात त्याचं नावही काढू दिलं नव्हतं.

पासष्ट वर्षांपूर्वी सारसोळ्याच्या खाडीत त्याचं शूटिंग झालं होतं. नायिकेला पोहता येईना, म्हणून तिची साडी नेसून होडीतून उडी मारली ती धोंडूबाईच्या थोरल्या बहिणीनं, काशीनं. धोंडूबाई तेव्हा तापानं फणफणलेली. पाण्याखालून तिवरांच्या झाडीआड जायचं आणि तिथूनच घरी, असं काशीला सांगितलं होतं. कंपनी सामान बांधून गेली. काशी आलीच नाही. गाव म्हणालं, फिल्मवाल्यांबरोबर पळाली. तिचं लग्न गणूशी ठरलं होतं. वर्षभरानं धोंडूबाईलाच त्याच्यासमोर पाटावर उभं केलं. जन्मभर तिनं बहिणीला शिव्याच घातल्या.

पडद्यावर काशीनं उडी घेतली. धोंडूबाईचे डोळे भरले. आणि मग ती ओरडली, "थांबव!"

तिवरांपाशी एक लहान होडी होती. त्यात वल्हं धरून उभा असलेला माणूस डाव्या खांद्यात वाकलेला. ते उभं राहणं ती चौसष्ट वर्षं रोज बघत होती.

आतल्या खोलीतून गणू काठी टेकत आला. "बंद कर तं."

"तुमी तं त्या दिवशी उरनला व्हतात."

"पोरीला भाईर पाठव."

"ती हितंच बसंल."

गणू टीव्हीसमोरच्या खुर्चीत बसला. "लगीन नाय करनार, मुंबईला जाते बोलली. पान्यात उभी राहून हसली. मी वल्हं मारलं. एकदाच."

"मंग?"

"मंग वर नाय आली."

धोंडूबाई सपाट आवाजात अमिताला म्हणाली, "तुज्या बापाला फोन कर. बोल, पोलिसाला घेऊनच ये."

"आता? या वयात?" गणू म्हणाला.

"ती सतराची व्हती."

अमितानं फोन लावला. तिचा बाप, कल्पेश, जुईनगरला होता. वीस मिनिटांत पोचतो म्हणाला. गणूनं उठून दाराला आतून कडी घातली आणि तो दाराला पाठ लावून उभा राहिला.

धोंडूबाई उठली. त्याच्या अगदी जवळ गेली, त्याचा हात बाजूला केला आणि कडी काढली.