नाल्यावरचा फेस

सोनाळ्याच्या वरच्या अंगाला नाल्याकाठच्या करंजाखाली शे-दीडशे माणसं हात जोडून उभी होती. पाण्यावर झुकलेल्या फांदीला मूठभर पांढरा फेस लोंबत होता. शेजारच्या टिनाच्या खोलीत कारभारी पाटलांची सून कोकिळा सहा दिवस कोंडलेली. तिला ताप चढला होता आणि तापात ती बडबडत होती, एवढाच तिचा गुन्हा.

"देवी थुंकली," देवीच्या नावानं नारळ घेणारे महाराज सांगत होते. "फेस गळला की बाई सुटली. तोवर दवाखाना नाही, गोळी नाही."

परवा एक फेस गळला होता, पण दार उघडायच्या आत पाऊस झाला आणि काल दुसरा हजर. महाराजांची देवी मोठी सोयीची. नारळ संपत आले की थुंकायची.

मी इथल्या शाळेत विज्ञान शिकवते. वरच्या डोहावर असाच वाळत आलेला एक फेस मला सकाळी सापडला होता. तो डहाळीसकट आणून मी परातीतल्या पाण्यावर धरला.

"हात नका लावू मॅडम," कारभारी म्हणाले. "पोरीले काही झालं तं?"

"होतंच आहे, पाटील."

मी फेस बोटानं उकलला. काळी, शेपटीवाली पिल्लं टपटप पाण्यात पडून वळवळू लागली.

"हे तं बेंडकाचे पिल्लं हायेत बे," गर्दीतला गोविंदा म्हणाला.

झाडावर राहणारी बेडकी पाण्यावरच्या पानात अंडी घालते आणि ती सुकू नयेत म्हणून पायांनी घुसळून फेस करते, हे मी सगळ्यांना सांगितलं. दरवर्षी पावसासाठी काठीला बेडूक बांधून धोंडी मागत फिरणाऱ्या गावाला बेडकाचं घरटं ओळखता आलं नाही, याची मला लाज वाटली.

"हीसुद्धा देवीचीच लीला," महाराज म्हणाले.

"मंग बेंडकाले कोंडा," कोकिळेची सासू रुक्मिणीबाई म्हणाली. "माह्या सुनीले काऊन कोंडलं?" तिनं नवऱ्याच्या हातातली किल्ली ओढून घेतली.

दार उघडलं. कोकिळेचे ओठ फाटले होते. ती सासूला म्हणाली, "आत्याबाई, मी पयल्या दिवशीच सांगतलं होतं. फटीतून दिसे मले, बेंडकं पायानं फेस घुसळत. तं तुम्ही म्हनले, देवी बोलून राह्यली."

रुक्मिणीबाईनं तिला हाताला धरून बाहेर आणलं. पाटलांची जीप तिला घेऊन दवाखान्याकडे निघाली.

ताप आला तर दवाखाना गाठा. आणि कुणावर दार लावण्याआधी, आतलं माणूस काय सांगतंय ते ऐका.