डिकीतली पाचवी

मित्रांनो, कुठल्याही गाडीची डिकी उघडा, सामान बाजूला सारा आणि खालची चटई उचला. तिथे एक गोल खड्डा असतो आणि त्या खड्ड्यात माझ्यासारखं कोणीतरी उताणं पडलेलं असतं. मी एक जुनी स्टेपनी आहे. एक काळी पोलादी रिम, तिच्यावर चढवलेलं टायर आणि टायरात कोंडलेली थोडी हवा, एवढाच माझा संसार. चार चाकं पळतात आणि मी पाचवी वाट बघते.

कारखान्यात आम्ही पाच बहिणी एकाच दिवशी जन्मलो. पोलादाचा पत्रा कापला, वाकवला, दाबला आणि आम्हाला गोल केलं. मधोमध एक मोठं भोक, त्याच्या भोवती नटांसाठी चार लहान भोकं. शेवटी पाठीवर काही आकडे ठोकले. आमचं कूळ म्हणा, माप म्हणा, ते त्या आकड्यांत होतं. मग चौघी पांढऱ्या गाडीखाली उभ्या राहिल्या आणि मला डिकीत निजवलं. मलाच का, ते कोणी सांगितलं नाही. मी पुष्कळ दिवस रुसून होते, पण डिकीत रुसलेलं कोणाला दिसणार?

गाडी भिवंडीजवळच्या दिघाशी गावात आली. चिंधूबाबांचा मुलगा हितेश गोदामात कामाला, त्याने ती हौसेने घेतली. चालवायला मात्र शिकली त्याची बायको सुवर्णा, आणि तिच्या हातातच गाडी राहिली. पहिल्या दसऱ्याला चिंधूबाबांच्या बायकोने, तुळजाआईने, चारही चाकांना हळदकुंकू लावलं, झेंडूची माळ घातली. चिंधूबाबा पायरीवर बसून बघत होते.

"चौघींना लावलंस. पाचवी कुठं हाय?" त्यांनी विचारलं.

"पाचवी? ती स्टेपनी हाय, बाबा. ती आत असते," हितेश हसत म्हणाला.

"आत असते म्हनून ती चाक न्हाय का? काढ भायेर."

मला पहिल्यांदा ऊन लागलं ते त्या दिवशी. चिंधूबाबा जन्मभर बैलगाड्यांची चाकं करत आले होते. त्यांची एक रीत होती. चाक तयार झालं की त्याच्या मधल्या तुंब्याला तेलात कालवलेली हळद लावायची आणि कोऱ्या मांजरपाटावर त्याचा ठसा घ्यायचा. दहा वर्षांनी चाक मोडलं, तरी त्या ठशावरून तंतोतंत दुसरं बसवता यायचं. आता बैलगाड्या गेल्या, पण रीत हातात राहिली होती. त्यांनी माझं टायर उतरवून घेतलं, माझ्या पाठीला हळद फासली आणि लूमवरून, म्हणजे यंत्रमागावरून, आणलेलं कापड दाबून बसवलं. मोठं भोक उमटलं, चार भोकं उमटली, ठोकलेले आकडेसुद्धा उमटले. मग माझ्या काठापासून गाडीला टेकायच्या जागेपर्यंत पोट किती खोल आहे, ते सुतळीने मोजून त्यांनी सुतळीला दोन गाठी मारल्या आणि ती कापडाच्या कोपऱ्याला शिवली.

"बाबा, कंपनीची गाडी हाय ती. माप कंपनीकडं असतं," हितेश म्हणाला.

"कंपनीकडं असूं दे. गाडीचं गाडीत पन असूं दे," म्हणत त्यांनी कापडाची घडी पुढच्या खणात, गाडीच्या कागदांखाली सारली. सगळे हसले. मला मात्र हळदीचा तो थंडावा आजवर आठवतो.

पुन्हा अंधार. पण मित्रांनो, अंधारात पडून राहणाऱ्याला स्वप्नं फार पडतात. मला रस्ते दिसायचे. पत्र्याच्या फटीतून भाताचा वास आला की मी ओळखायची, अजून दिघाशीच चालली आहे. लूमची खटखट ऐकू आली की भिवंडी आली. मधल्या वाटेचं चित्र मी मनात रंगवायची. माझ्या स्वप्नात रस्त्याला खड्डे नसायचे, यावरूनच ते स्वप्न होतं हे तुम्हाला कळेल. मी पळत असायची आणि बहिणी डिकीत बसून माझं कौतुक करायच्या.

दोन वर्षांपूर्वी तुळजाआईची मूत्रपिंडं थकली. सोमवार, बुधवार, शुक्रवार, सकाळी आठच्या पाळीला टेमघरच्या दवाखान्यात मशीनवर रक्त धुवायला जायचं ठरलं. एक पाळी चुकली की पाय सुजत आणि श्वास लागे. सुवर्णा त्यांना पुढे बसवायची. मागे चिंधूबाबा आणि गोदामातल्या पॅकिंगच्या शिफ्टला निघालेल्या गावच्या दोघी. गाडी भरलेली असायची. परतताना सुवर्णा पंपावर थांबून पाचही चाकांची हवा बघायची. महिन्यातून एकदा तरी तिचा हात मला लागायचा.

मग गोदामाच्या रस्त्यावरच्या एका खड्ड्यात माझ्या एका बहिणीचा काठ वाकला. तरी ती हवा धरून होती, म्हणून मला कोणी बाहेर काढलं नाही. हितेश एक रिम आणायला गेला आणि चार घेऊन आला. चकचकीत, चांदीच्या रंगाच्या, नक्षीदार, आमच्याहून मोठ्या, रुंद टायरांच्या. चार भोकं, चार नट, बसल्या झकास! आईला थाटाच्या गाडीतून न्यायचं, एवढंच त्या बिचाऱ्याच्या मनात होतं. माझ्या चारही बहिणी त्याने तिथेच भंगारात देऊन टाकल्या. त्या हातगाडीवर रचल्याचा आवाज मी ऐकला. हाक मारावीशी वाटली, पण आम्हाला हाक मारता येत नाही.

"चालवून बघितलीस?" चिंधूबाबांनी विचारलं.

"बघितली ना, हायवेला. लोण्यासारखी चालते."

"रिकामी?"

"मग काय गोणी भरू?"

"गाडा रिकामा पारखायचा न्हाय, पोरा. भरून पारखायचा," बाबा म्हणाले. हितेशने ते हसण्यावारी नेलं.

सोमवारी गाडी भरली आणि मागच्या बाजूने आवाज आला. खर्र. खड्डा आला की खर्र. माणसांच्या वजनाने गाडी खाली बसली की बाहेर आलेलं टायर मडगार्डच्या काठाला घासत होतं. मी तर त्याच्या शेजारीच पडलेली. मला ते दर वेळी कळायचं. नवीन आहे, बसेल हळूहळू, असं हितेश म्हणाला. तीन आठवडे ते बसलं नाही. शिवाय नव्या चाकांच्या कौतुकात माझी हवा बघायची राहून गेली होती, आणि मी हळूहळू मऊ पडत चालले होते.

चौथ्या आठवड्यातल्या बुधवारी, शिफ्टच्या दोघींना सोडून गाडी टेमघरकडे वळली. दवाखाना सव्वा किलोमीटरवर होता आणि आठला पंचवीस मिनिटं कमी होती. फाट् असा आवाज झाला, गाडी एका अंगाला कलली. मागचं डावं टायर घासून घासून फाटलं होतं.

तुळजाआईला आदल्या संध्याकाळपासूनच दम लागत होता. त्या दाराला टेकून बसल्या. सुवर्णाने रिक्षाला हात केला, एक भरलेली गेली, दुसरीही थांबली नाही. मग डिकी उघडली, चटई उचलली, आणि माझ्या तोंडावर उजेड पडला.

मित्रांनो, नऊ वर्षं मी याच क्षणाची स्वप्नं बघितली होती. आणि तो आला तेव्हा मला फक्त भीती वाटली. माझ्यात हवा पुरेशी आहे का, तेच मला ठाऊक नव्हतं.

सुवर्णाने माझ्या टायरवर अंगठा दाबला. "बाबा, हवा कमी वाटते."

"कमी हाय, पन हाय. लाव. समोरासमोरचे नट आवळ, एक हा, मंग त्याच्या समोरचा. घाबरू नको, पोरी."

तिने आयुष्यात पहिल्यांदा चाक बदललं. मी जागेवर अशी बसले की तिला जोर लावावा लागला नाही. जॅक उतरला, गाडीचं वजन माझ्यावर आलं. तुळजाआईचंही आलं. मी पळाले. हळूहळूच पळाले, कारण मऊ होते. रस्ता स्वप्नातल्यासारखा मुळीच नव्हता. खडबडीत, उन्हाने तापायला लागलेला आणि फार सुंदर होता. माझ्या बाजूला एकदाही खर्र झालं नाही. आठला पाच मिनिटं असताना तुळजाआई दवाखान्याच्या दारात उतरल्या.

पण परत कसं जायचं? मागच्या उजव्या टायरचेही धागे बाहेर आले होते. आता गाडी हलवणं धोक्याचं होतं. तुळजाआई चार तास मशीनवर होत्या, आणि शुक्रवारी पुन्हा यायचंच होतं. सुवर्णा त्यांच्यापाशी बसली आणि चिंधूबाबा रस्त्यापलीकडच्या केसरीनाथच्या रिमच्या दुकानात गेले. तिथे काय झालं, ते मी पुढे बाबांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकलं आहे की जणू मीही तिथे होते. दर वेळी त्यात थोडी भर पडते, ती वजा करून सांगते.

केसरीनाथ म्हणाला, "बाबा, ह्या गाडीला दोन तऱ्हेच्या रिम आल्यात. जुनीची वेगळी, नवीची वेगळी. मी अंदाजाने नाय देणार. आधीचं एक चाक काढून आणा."

"आधीची चार भंगारात गेली. एक हाय, तिच्यावर गाडी उभी हाय. ती काढली तर गाडी रस्त्याकडंला नुसत्या जॅकवर ठेवावी लागंल."

"मग माप कुठून आणू?"

बाबा उभे राहिले, रस्ता ओलांडून गाडीपाशी आले आणि त्यांनी पुढचा खण उघडला. कागदांखाली ती पिवळी घडी होती.

केसरीनाथने कापड काउंटरवर पसरलं आणि चष्मा लावला. "अरे! इथे तर सगळं लिहिलंय. इंच, रुंदी, खोली. बाबा, हे तुम्ही लिहिलं?"

"मना वाचता कुठं येतंय? जे होतं ते उतरवलं."

पहिली जोडी काढली. चार भोकं ठशाला अचूक जुळली. केसरीनाथने सुतळी धरली, तर गाठीपर्यंत पोट पुरेना. हितेशने आणलेल्यांची हीच खोड होती. अशी रिम टायरला बाहेर ढकलते. दुसरीचं पोट बरोबर होतं, पण मधलं भोक मोठं. "ही वेगात थरथरणार," म्हणत केसरीनाथने ती स्वतःच बाजूला ठेवली. तिसऱ्या वेळी त्याने कोपऱ्यातून चार काळ्या, साध्या, थोड्या ओरखडलेल्या रिम काढल्या. टायर चढवलेल्याच होत्या. ठसा बसला, सुतळी बसली, आकडे जुळले.

"दिसायला काय खास नाय हां," तो म्हणाला.

"आमाला कुठं मिरवायचंय? जायचंय आनि यायचंय."

त्या चौघी माझ्या नात्यातल्या नव्हत्या, पण मापाच्या होत्या. केसरीनाथ त्या घेऊन गाडीपाशी आला, मला बघून थबकला आणि म्हणाला, "तीनच घ्या ना. चौथी ही आहेच की लागलेली. चांगली बसलीये."

म्हणजे आता रोज रस्ता, रोज ऊन! बाबांनी माझ्या टायरवर बोट फिरवलं. "हिचं रबर नऊ वरसाचं हाय. अडीनडीला ठीक. रोज पलवली तर फुटंल." आणि स्टेपनीशिवाय आईला आणायचं नाही, हे सुवर्णाने दवाखान्याच्या खिडकीतूनच सांगून टाकलं. चौघी लागल्या. मला काढून भिंतीपाशी आडवं ठेवलं. खोटं कशाला बोलू, मला फार वाईट वाटलं. माझ्या सगळ्या आयुष्याचा प्रवास सव्वा किलोमीटरचा.

मग बाबांनी केसरीनाथला गाडीत बसवलं, त्याच्या दोन माणसांना बसवलं, दवाखान्याच्या वॉचमनलाही बसवलं. "भरून बगू," म्हणाले. सुवर्णाने बाहेर येऊन स्टिअरिंग या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवलं, गतिरोधकावरून गाडी दोनदा नेली. पाठीमागे बाबा कान देऊन चालत होते. आवाज आला नाही.

एवढ्यात तुळजाआई बाहेर आल्या. हाताला पट्टी, तोंड उतरलेलं, पाय कापत होते. बसायला काही नव्हतं. सुवर्णाने आपली ओढणी माझ्यावर पसरली आणि त्यांना माझ्यावर बसवलं. त्यांचं वजन किती थोडं होतं! त्यांनी हात खाली सोडला, तो माझ्या काठाला लागला, आणि तिथेच राहिला.

"हिनंच आनलं ना मना?" त्यांनी विचारलं.

"हो, आई."

"हवा भर हिच्यात. मी मशीनवर पडून असते तवा तू येऊन हात धरतेस ना? तसं हिला बी कुनीतरी इचाराय पायजे. पडून राहनाऱ्याला तेवढंच लागतं गं."

संध्याकाळी हितेश शिफ्टवरून आला. काळी चाकं बघत तो गाडीभोवती एक फेरी मारून आला. तुळजाआई एवढंच म्हणाल्या, "मायेनं आनल्या होत्यास, पोरा. माप तेवढं चुकलं." तो डिकी उघडून माझ्यापाशी आला आणि हातपंपाने मला हवा भरू लागला. त्याचे डोळे भरले होते.

मित्रांनो, तुमच्या घरीही एखादी गाडी असेल, आणि नसली तरी कोणीतरी पडून असलेलं असेल. चाक घेताना झळाळी बघू नका, माप बघा, आणि भरून पारखा. पण त्याआधी एकदा चटई उचला आणि आत हात घाला. आम्ही मागत काही नाही, पण वाट बघतो.

मी पुन्हा अंधारात आहे. स्वप्नं अजून पडतात, पण आता त्यांत खड्डेही असतात. सोमवार, बुधवार, शुक्रवार, गाडीत बसण्याआधी तुळजाआई मागे येतात आणि डिकीवर दोनदा टकटक करतात.

"हायस ना गं?"

आहे, आई. हवा धरून आहे.