नवसीच्या जटेतले रक्त

कारखान्यांची पहिली पाळी सुटताच बोईसरच्या पुलाखाली पुन्हा गर्दी उसळली. तिथेच दोन वर्षे उघड्यावर राहणाऱ्या नवसीच्या जटेत म्हणे देवी उतरली होती. जटेला कात्री लावली की रक्त येई. इंद्रजीत महाराज ते रोज दाखवत. आधी जटेवर भंडाऱ्याची हळद उधळत, मग न्हाव्याची कात्री कमंडलूतल्या तीर्थात बुडवून ‘शुद्ध’ करत. कात्री टेकताच लाल थेंब ओघळत आणि माणसे हात जोडत. संध्याकाळी नारळ आणि साड्या महाराजांच्या मोटारीतून जात. देवी पुलाखालीच झोपे.

रासायनिक कारखान्याच्या प्रयोगशाळेत काम करणारी स्नेहा कडेला उभी होती. तिला महाराजांपेक्षा गर्दीचाच संताप आला. हात जोडणाऱ्यांत तिच्याच प्रयोगशाळेतले सुजीतदादा होते. आम्लात अल्कली थेंबथेंब सोडून रंग पालटताना पाहणे हे त्यांचे रोजचे काम. पण गणवेशाबरोबर ते आपली नजरही खुंटीला टांगून आले होते.

नवसीला काय हवे, हे कुणी विचारलेच नव्हते. स्नेहाने विचारले.

“मान दुकते. उवा झोपू देत नाय,” नवसी म्हणाली. “मुरबे गावची रत्नाबाई सुकी मासळी निवडायला घेते मला. पण बोलली, उद्या केस कापून ये, नायतर दुसरीला घेईन.”

जट कापली तर देवी कोपेल, बोईसर जळेल, असे महाराजांनी बजावले. त्यांच्या तीर्थात म्हणे सात समुद्र होते. बाटल्या धुणाऱ्या पोरीने त्यांना शास्त्र शिकवू नये.

“मग त्यातला एक समुद्र मला द्या,” म्हणत स्नेहाने तळहातावर भंडारा घेतला आणि कमंडलू कलता केला. तळहात लाल झाला. तिच्याही अंगात देवी आल्याचे कुणी पुटपुटले. तिने देवीपुढचेच लिंबू चिरून पिळले. तळहात पुन्हा पिवळा.

“सुजीतदादा, हे काय?”

सुजीतदादांची मान खाली गेली. “हळद आणि चुन्याची निवळी.”

“आणि रक्तावर लिंबू पिळले तर?”

“पिवळं नाय होत.”

न्हाव्याने कात्री नळाखाली धुतली. जट उतरायला तास लागला. रक्ताचा थेंबही आला नाही. महाराज केव्हाच निघून गेले होते. मानेवरच्या चिघळलेल्या जखमा तेवढ्या उघड्या पडल्या. त्या मात्र खऱ्या होत्या, आणि त्यांना कुणी हात जोडले नव्हते.

“आता देवी कुठं जाणार?” एका म्हाताऱ्याने काळजीने विचारले.

“तिला देऊळ हाय,” डोक्यावर पाणी ओतत नवसी म्हणाली. “मला कामाला जायचंय.”

पुन्हा कुठे असे रक्त दिसले, तर हात जोडण्याआधी कात्री साध्या पाण्याने धुऊन पाहावी. आणि त्याही आधी, डोके ज्याचे आहे त्याला विचारावे.