धुरपताबाईचा तळहात

डोंगरकड्याच्या संतरामच्या घरी भांडणाला कधी तोटा नव्हता, पण जिंकायची सोय तिथं एकटीलाच होती. ती म्हणजे संतरामची थोरली बहीण धुरपताबाई. चौदाव्या वर्षी तिला देवी आल्या आणि जाताना डोळे, कान दोन्ही घेऊन गेल्या. सासरच्यांनी न्यायला येणाऱ्या मुऱ्हाळ्याची वाट न बघता तिला बैलगाडीत घालून माहेरी आणून सोडलं. जीभ तेवढी शाबूत राहिली, आणि ती एकटी तिघांचं काम करू लागली.

संतरामची बायको द्वारकाबाई लग्न होऊन आली ती या जिभेच्या तडाख्यात. धुरपताबाई ओसरीवर बसून सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात सांगायची, "आज वैनीनं ताकात पाणी न्हाई, पाण्यात ताक घातलं!" द्वारकाबाईही काही कमी नव्हती. ती कडाकडा उत्तर द्यायची. पण ते ऐकायची गल्ली. जिला ऐकवायचं ती खुशाल भाकरी कुस्करत बसलेली. एकदा द्वारकाबाईनं चिडून तिचा हात हिसडला.

"हात हिसडून जबाब होत न्हाई," धुरपताबाई म्हणाली आणि तळहात पसरून पुढं केला. "बोलायचं असंल तर हितं लिव. येत न्हाई? मंग शीक."

तिला स्वतःला अक्षरं येत होती. डोळे होते तेव्हा, धाकट्या संतरामला शिकवताना वडिलांनी तिलाही शिकवली होती. तळहातावर कुणी बोटानं लिहिलं की ती झटक्यात ओळखायची. पण गावात लिहिता येणारे सगळे पुरुष, आणि परक्या बाईचा हात धरणार कोण? उरला संतराम. आणि त्याला बहिणीच्या हातावर 'जेवलीस का' याच्यापलीकडं काही लिहायची हिंमत नव्हती.

द्वारकाबाईनं नवऱ्याला समोर बसवलं. "मला अक्षरं शिकवा."

"काहून? पोथी वाचायची का?"

"न्हाई. तुमच्या बहिणीला खोटारडी म्हनायचंय."

चुलीपुढच्या राखेत बोट फिरवून फिरवून ती शिकली. मग एका दुपारी तिनं नणंदेचा हात ओढला आणि दात ओठ खात तो शब्द लिहिला. धुरपताबाईचा चेहरा खुलला. "टा चा काना राहिला. पुन्हा लिव." पुन्हा लिहावं लागलं. दुसऱ्यांदा शिवी देताना अर्धा राग निघून जातो, हे द्वारकाबाईला तेव्हा कळलं.

ही गोष्ट पसरायला वेळ लागला नाही. धुरपताबाईच्या तोंडून कुणाचं बिंग फुटलं नव्हतं? विहिरीवरची सखुबाई शिकली, कारण तिच्या लोणच्याची बदनामी झाली होती. तांड्यावरची रूपाबाई लाकडाची मोळी ओसरीपुढं टाकून शिकली, कारण मोळीत ओली लाकडं असतात असा बोभाटा झाला होता. गावातल्या पुरुषांनी कपाळाला हात लावला. "आता बायका भांडायला शिकून राहिल्या!" जणू आधी त्यांना येतच नव्हतं.

गावात आंधळे चार होते आणि पुण्य हवं असलेले बाकी सगळे. ग्रहण सुटलं की चौघांना मारुतीच्या पारावर ओळीनं बसवायचं आणि 'दे दान सुटे गिराण' करत त्यांच्या पदरात धान्य टाकायचं, ही रीत. आंधळ्याला दिलेलं दुप्पट लागू पडतं, असं तातेराव पाटलांचं मत होतं. वर्षभर त्याच चौघांकडून पाटलांच्या घरचं दळण, दोर वळणं, सरकी काढणं चालायचं. मजुरी मागितली की उत्तर ठरलेलं, "गिराणाला देतो की!"

जर्मनची दुसरी लढाई सुरू झाली त्या सुमाराच्या एका ग्रहणाला धुरपताबाईनं रूपाबाईकरवी तांड्यावरच्या आंधळ्या खेमाला निरोप धाडला. बाकी दोघांनाही धाडला. ग्रहण सुटलं, पाटील अंघोळ करून ओल्या धोतरानं सुपात ज्वारी घेऊन निघाले, आणि पारावर बघतात तर एक कुत्रं झोपलेलं. सुपातलं पुण्य वाळून चाललं. पाटील तसेच थबथबत संतरामच्या दारात आले.

"पाटील आले," द्वारकाबाईनं नणंदेच्या हातावर लिहिलं, "कुडकुडून राहिले."

"पाटील," धुरपताबाई कडाडली, "आंधळं दळतं आन् कुत्रं पीठ खातं म्हनता ना तुमी? आंधळं दळतं एवढं तरी कबूल हाय! मंग मजुरी बोला. आमच्या डोळ्यांच्या खाचांत तुमचं पुण्य पिकवू नका."

सगळी गल्ली जमली होती आणि धोतर गार पडत होतं. पाटलांनी मजुरी कबूल केली. मग तिनं पदर पसरला, तो दानासाठी नव्हे, मागच्या दळणाच्या मजुरीसाठी.

याच सगळ्याचं तिनं पुस्तक लिहिलं. फळीला आडव्या दोऱ्या बांधायच्या, दोन दोऱ्यांच्या मधून शिसपेन्सिल चालवायची, ओळीवर ओळ चढली तर द्वारकाबाईनं आणि शिकलेल्या बाकीच्या बायकांनी शिव्या देत पुन्हा उतरवून घ्यायचं, अशी ती लिहिण्याची तऱ्हा. खेमाचं, स्वतःचं, माहेरी आणून टाकणाऱ्या सासरचं, वैनीच्या ताकाचं, सगळं त्यात होतं. रझाकारांच्या धामधुमीत कागद ज्वारीच्या कणगीत लपले. पुस्तक छापून निघावं, एवढी एकच इच्छा धुरपताबाईनं आयुष्यात धरली होती. एरवी तिनं देवापाशीही काही मागितलं नाही, कारण देव हातावर लिहीत नाही असं तिचं म्हणणं.

अठ्ठेचाळीस साली पोलीस ॲक्शन होऊन निजामाचं राज्य गेलं. भाद्रपदापर्यंत पाटलांच्या डोक्यावर रूमी टोपी होती, दसऱ्याला पांढरी आली. डोकं तेच होतं, त्यामुळं माप बदलावं लागलं नाही. नव्या राज्यात दाखवायला काहीतरी सेवा हवी, म्हणून पाटील पुस्तक मागायला आले.

"छापा," धुरपताबाई म्हणाली. "पन माझा एक शब्द हलवायचा न्हाई." संतरामनं तिच्या हातावर पाटलांच्या वतीनं 'कबूल' लिहिलं.

पाटलांनी ठेवलेल्या प्रकाशन समारंभाच्या आदल्या दिवशी नांदेडहून छापील प्रती आल्या. द्वारकाबाईनं अडखळत वाचलं. 'अंधमाता धुरपताबाई यांचा अमृतबोध.' आत पहिल्याच पानावर पाटलांचा फोटो. पुढं देणाऱ्याचा हात सदा वर असो वगैरे. ग्रहणाच्या प्रकरणात पाटील आंधळ्यांचं दुःख बघून धाय मोकलून रडतात आणि आपण होऊन मजुरी ठरवतात.

"गप बस," संतराम म्हणाला. "तिला कुठं दिसून राहिलं? नाव झालं, खुशीत राहू दे. पाटलांशी वैर घेऊन मला तकलीफ नको."

"वाच की वैनी," धुरपताबाईनं तळहात पुढं केला. द्वारकाबाईनं लिहिलं, 'चूल पेटलीय, उद्या.' आणि आत जाऊन ती रडली. जिला खोटारडी म्हणण्यासाठी अक्षरं शिकली, तिच्याच हातावर खोटं लिहायची पाळी आली होती.

दुसऱ्या दिवशी पारापुढं मांडव उभा राहिला. कळमनुरीहून तालुक्याचे नवे साहेब आले. धुरपताबाईला खुर्चीवर बसवलं, शेजारी द्वारकाबाई. पाटील 'आमच्या मातेच्या' सेवेबद्दल बोलू लागले. धुरपताबाई एका हातानं मांडीवरचं पुस्तक कुरवाळत होती, लेकराच्या पाठीवरून फिरवावा तसा हात. देवीच्या वणांनी भरलेला तो चेहरा इतका सुखात द्वारकाबाईनं कधी पाहिला नव्हता. तिला ते बघवेना. तिनं दुसरा हात ओढला आणि लिहिलं, 'हे तुमचं न्हाई. पाटलानं बदललं.'

धुरपताबाईला वाटायचं आपण कुजबुजतो. प्रत्यक्षात ते तांड्यापर्यंत जायचं. "बदललं? सगळं?"

पाटील थबकले, पुन्हा बोलू लागले. द्वारकाबाईचं बोट चालू राहिलं.

"गिराणाचं पान तरी हाय का?... पाटील रडतात? काहून रडतात?... आमची दया आली म्हनून? अन् ओलं धोतर कुठं गेलं?"

मांडवात बायकांच्या बाजूला पदर तोंडात गेले. साहेब पाटलांकडं बघू लागले. धुरपताबाईनं पुस्तक खाली ठेवलं, काठीवर जोर देऊन ती उठली आणि आपलं खरं पुस्तक पहिल्यापासून म्हणू लागली. सगळं तोंडपाठ होतं. वैनीच्या ताकाशी आली तेव्हा द्वारकाबाई लाजली, पण मान खाली घातली नाही.

"बास, माताजी, बास!" पाटील ओरडले. ते कुणाला ऐकू येणार? पुढं ग्रहण येत होतं. शेवटी पाटलांनी, ज्यांनी सुपाशिवाय आंधळ्यांच्या हाताजवळ कधी हात नेला नव्हता, तिचा तळहात धरला आणि 'ब' लिहायला बोट टेकवलं. धुरपताबाईनं मूठ मिटली. बोट आत.

"अंगठी लागली. पाटील ना? बराबर येळेला आलात. आता तुमचंच पान हाय."

आणि ती पुढं म्हणू लागली. पाटील वाकून उभे. साहेबांसमोर अंधमातेच्या हातातून बोट हिसकायचं तरी कसं? सखुबाई, रूपाबाई, ज्या ज्या बायकांनी कागद उतरवायला मदत केली होती त्या खाली बसल्या बसल्या तिच्याबरोबर म्हणू लागल्या.

साहेब द्वारकाबाईकडं वळले. "बाई, तुम्ही तरी त्यांना थांबायला सांगा."

"सांगितलं असतं, सायेब," द्वारकाबाई म्हणाली, "पन वन्सांचा हात पाटलांत गुंतलाय."