दोनशे चाळिसावी फरशी

“आधी तिच्यावरचा पाय काढ,” मास्तर म्हणाले.

बायकोने पाय काढला नाही. एका हातात डबा, दुसऱ्या हातात चाव्या, अशी ती उंबरठ्यालगतच्या फरशीवर ठाण मांडून उभी होती. पोहण्याच्या तलावावर तिकिटं द्यायचं तिचं काम. खिडकी आठला उघडायची आणि आठला पाच मिनिटं कमी होती.

“वीस वर्षं हिच्यावरूनच ये-जा करतेय. आजच हिला काय शिंगं फुटली?”

“आज ही आपली होणार. शेवटची आहे.”

“बरं. मग संध्याकाळी येताना हिला विचारूनच आत येईन,” ती म्हणाली आणि फरशीला वळसा घालून गेली. जाताना हसत होती. मास्तरांनी ते पाहिलं, पण पाहिलं नाही असं दाखवलं.

त्यांना सगळे लेव्हलमास्तर म्हणत. फरशी बसवण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. बशीतला चहा कोणत्या काठाकडे झुकतो हे बघून ते खोलीचा उतार सांगत. एकदा तर म्हणे एका बंगल्यात पाऊल टाकताच त्यांना भोवळ आली, आणि मोजलं तेव्हा दिवाणखाना दोन सूत, म्हणजे पाव इंच, कलता निघाला. यातलं खरं किती आणि मास्तरांनी स्वतः पेरलेलं किती, याचा हिशेब कोणी केला नाही. पुढे मास्तरांच्या आयुष्यात दुसऱ्याच एका हिशेबाची पाळी यायची होती.

घर घेतलं तेव्हा कर्ज दोनशे चाळीस हप्त्यांचं होतं. मास्तरांनी तिन्ही खोल्यांची फरशी स्वतः बसवली आणि भिंतीकडचे तुकडे अशा बेताने कापले की दोन अर्धुकांची एक धरून बरोबर दोनशे चाळीस भराव्यात. मग दर महिन्याला हप्ता गेला की ते रबरी हातोडा घेऊन त्या महिन्याच्या फरशीपाशी बसत, तिच्यावर एकदाच ठोकत आणि म्हणत, “ये घरात.” सुरुवात मोरीच्या कोपऱ्यातून झाली होती. घरातलं सगळं आयुष्य त्याच मापाने मोजलं जाई. दहाव्या फरशीला मुलगी शाळेत गेली. दीडशेव्या फरशीला बायकोला तलावावरची नोकरी लागली. दोनशे विसाव्या फरशीला मुलगी सासरी गेली. आणि दोनशे तिसाव्या फरशीला मास्तरांच्या गुडघ्यांनी राजीनामा दिला.

पस्तीस वर्षं माणूस गुडघ्यांवर चालला की गुडघे तळपायांसारखे होतात. डॉक्टरांनी फोटो उजेडासमोर धरला आणि म्हणाले, दोन्ही बदला. एकाला एक लाख. बायकोने तिकिटांच्या पगारातून आणि मास्तरांनी बंगल्यांच्या मजुरीतून दोन लाख साठवले होते. बेत साधा होता. शेवटची फरशी घरात आली की काम बंद, दोन्ही गुडघे नवे, आणि मग मास्तर माणसासारखे उभे राहून जग बघणार.

बँकेत कर्जाच्या टेबलावर एक तरुण मुलगी बसली होती. मास्तरांनी इस्त्रीचा शर्ट सावरला आणि कागदांची पिशवी टेबलावर ठेवली.

“शेवटचा हप्ता गेला आज. घराचे कागद द्या. मी पिशवी आणलीय.”

तिने नंबर घातला, पडद्याकडे बघितलं, पुन्हा नंबर घातला.

“काका, अजून एकोणऐंशी आहेत.”

“एकोणऐंशी काय?”

“हप्ते.”

मास्तर हसले. “दुसऱ्या कुणाचं तरी उघडलंत. माझं दोनशे चाळीस हप्त्यांचं खातं आहे.”

“तुमचंच आहे. मधल्या काळात तीनदा व्याजदर वाढला. दर वेळी पत्र गेलंय तुम्हाला. हप्ता वाढवू की तोच ठेवू, असं विचारलं होतं. तुम्ही तिन्ही वेळा ‘तोच ठेवा’वर खूण केलीत. ही बघा सही.”

सही मास्तरांचीच होती, सरळ रेषेत.

“मग तोच राहिला की. एक पैसा वाढू दिला नाही मी.”

“हप्ता तोच राहिला, काका. वर्षं वाढली.”

पत्रं आली होती, हे मास्तरांना आठवलं. खालची चिठ्ठी फाडून त्यांनी बँकेत परत दिली होती. वरचा कागद मात्र जाड, गुळगुळीत, एकसारख्या जाडीचा. असा कागद कोणता फरशीवाला टाकून देईल? त्यांनी त्याच्या पट्ट्या कापल्या आणि एका दंतवैद्याच्या दवाखान्यात फरश्यांच्या फटी सारख्या ठेवायला वापरल्या. फटी फार सुरेख आल्या होत्या. दंतवैद्याने आपल्या दातांशी तुलना केली होती.

“पण वीस वर्षांत निदान बरंचसं फिटलं असेल ना?” मास्तरांनी विचारलं. “फरशी पहिली असो की शेवटची, माझी मजुरी सारखीच असते.”

मुलगी जरा घुटमळली. मग तिने कोरा कागद ओढला. “इथे सारखी नसते. बँक आधी आपलं व्याज घेते, उरेल ते मुदलात जातं. सुरुवातीला कर्ज मोठं, म्हणून व्याजही मोठं. तुमचा पहिला हप्ता पावणेनऊ हजारांच्या आत-बाहेर. त्यातले सात हजार व्याज. मुदलात सोळाशे.”

“फरशीत सांग.”

“काय?”

मास्तरांनी सांगितलं. हातोडा, मोरीचा कोपरा, ‘ये घरात’, सगळं. मागच्या रांगेतला माणूस पुढे झुकून ऐकू लागला. मुलगी हसली नाही. तिने यंत्रावर बोटं चालवली.

“पहिल्या महिन्यात फरशीचा तिसरा हिस्सा आला असेल. वर थोडा.”

“तिसरा. आणि दहा वर्षांत?”

“सत्तेचाळीस.”

“मी एकशे वीस ठोकल्या होत्या. आज?”

“एकशे तेवीस.”

“निम्म्या.”

“निम्म्याला तीन जास्त,” ती म्हणाली. तेवढंच तिच्या हातात होतं, ते तिने देऊन टाकलं.

“एकूण भरले किती मी?”

“एकवीस लाखांना थोडे कमी. घेतले होते दहा. अजून जवळपास पाच बाकी आहेत.”

मास्तरांनी मनात कापाकापी केली. एकवीसमधून फिटलेले पाच गेले. उरले पंधरा-सोळा. “म्हणजे माझं निम्मं घर झालं, आणि वर दीड घराचे पैसे मी दुसरीकडे दिले.”

“असं म्हणता येईल.”

“कुठे आहे ते दीड घर?”

मुलीने पडद्याकडे पाहिलं, जणू तिथे पत्ता सापडेल. “काका, पाणी देऊ का?”

मास्तर घरी आले ते रस्त्याने आले की रस्ता त्यांच्याखालून सरकत गेला, हे त्यांना नंतर सांगता आलं नाही. घरात दुपारचं ऊन खिडकीतून आत येऊन निवांत पसरलं होतं. दार उघडलं तर सगळं घर फरशीपासून बोटभर वर तरंगत होतं. कपाट, पाट, पाण्याचा माठ, सगळं, जराही न हलता. मास्तरांनी हातोडा घेतला आणि मोरीपासून सुरुवात केली. ज्या फरशीखाली सिमेंटचा मसाला भरलेला नसतो ती पोकळ वाजते, हे त्यांच्या धंद्यातलं पहिलं अक्षर. पहिली वाजवली, भरीव. पन्नासावी, शंभरावी, भरीव. एकशे तेविसावी ठोकली, भरीव. एकशे चोविसावी ठोकली आणि आवाज आत उतरत गेला, उतरत गेला, आणि खूप खाली कुठेतरी दार वाजवल्यासारखा झाला.

खालून कोणीतरी म्हणालं, “या.”

मास्तर गेले. कसे गेले हे विचारू नये, स्वप्नाला जिना नसतो. खाली एक अख्खं घर होतं आणि शेजारी अर्धं. अख्ख्या घरात त्यांनी कधी न परवडलेली मोठी खिडकी होती, स्वयंपाकघरात फळ्या पुरून उरत होत्या. अर्ध्या घराची खोली मधेच कापल्यासारखी थांबली होती, आणि कापल्या कडेपलीकडे नुसतं निळं, शांत, दुपारचं आभाळ. फरशी मास्तरांच्याच हाताची. तीच फट, तेवढीच. प्रत्येक सांधा त्यांनी ओळखला. आणि त्या फरशीवर दुपारच्या उन्हात त्यांचे दोन तरुण गुडघे बसले होते, गप्पा मारत.

“अहो, जेवलात का?”

बायको दारात उभी होती. तिच्या अंगाला तलावाच्या औषधाचा वास येत होता, म्हणजे संध्याकाळ झाली होती. मास्तर एकशे चोविसाव्या फरशीवर कान टेकून झोपले होते. ती उंबरठ्यावर थांबली.

“विचारून येते म्हणाले होते. येऊ का आत?”

“ये. ती आपली नाही.”

मग त्यांनी सगळं सांगितलं. ती खाली बसली, पाय पसरून. मास्तरांना वाटलं होतं ती रडेल, निदान पत्रांवरून खरडपट्टी काढेल. तिने डबा उघडून उरलेली भाकरी पुढे केली.

“त्या खालच्या घरात राहतं कोण?” तिने विचारलं.

“कोणी नाही. रिकामं आहे.”

“मग झाडून कोण काढतं?”

“स्वच्छ होतं.”

“वीस वर्षं पगार देऊन घर ठेवलंय, आणि राहायला कोणी नाही. श्रीमंत आहोत की आपण.” तिने फरशीवरून हात फिरवला. “मला दिसत नव्हतं असं नाही हो. पत्र यायचं तेव्हा मला वाटायचं, यात काहीतरी असणार. पण तुम्ही म्हणायचात हप्ता तोच आहे, आणि मला पण तेच ऐकायचं असायचं. महिना निघाला की बास.”

“दोन लाख आहेत,” मास्तर म्हणाले. “विचारून आलोय मी. सगळे भरले तर एकोणचाळीस हप्ते उडतात. एकोणऐंशीचे चाळीस. उद्याच भरतो.”

“आणि गुडघे?”

“गुडघे पस्तीस वर्षं टिकले. अजून थोडे टिकतील.”

“परवा मोरीतून उठताना नळ धरलात. नळ वाकलाय.”

“नळ जुना आहे.”

“नळ तुमच्यापेक्षा चाळीस वर्षांनी लहान आहे.” तिने भाकरीचे दोन तुकडे केले. “ते पैसे गुडघ्यांचे आहेत. त्यांना विचारल्याशिवाय कोणी हात लावायचा नाही.”

“मग एकोणऐंशी हप्ते भरू? तोवर मी सत्तरीला टेकेन. नव्या गुडघ्यांनी काय करू, बँकेत चालत जाऊ?”

बायको उठली, दिवा लावला, आणि दिव्याखाली उभी राहून त्यांच्या पायांकडे बघत राहिली. आधी एकाकडे, मग दुसऱ्याकडे, पोहायला आलेल्या दोन भावंडांची तिकिटं फाडताना बघावं तसं.

“एका लाखाला किती उडतात?”

“एकवीस. अठ्ठावन्न राहतात.”

“मग एक बँकेला द्या,” ती म्हणाली, “आणि एक मला.”

दुसऱ्या दिवशी मुलीने लाख मोजून घेतले आणि विचारलं, “आता हप्ता कमी करून देऊ का, काका? महिन्याला बरं पडेल.”

“नको पोरी. हप्ता तोच ठेव.” ती चपापलेली पाहून मास्तर म्हणाले, “आणि वर्षं काप. या वेळी मी काय मागतोय ते मला माहीत आहे.”

तीन आठवड्यांनी त्यांना दवाखान्यात पांढऱ्या चादरीवर झोपवलं. डॉक्टरांनी आधीच बजावलं होतं, नवा गुडघा जन्मात जमिनीला टेकवायचा नाही. मास्तरांनी मान डोलावली होती आणि तेव्हापासून मनात एक नवीच बैठक बसवून बघत होते, एक पाय लांब पसरलेला, एक मुडपलेला. जमण्यासारखी होती. फरशी सरळ येईल.

परिचारिका जांभळी पेन्सिल घेऊन आली. शस्त्रक्रियेच्या पायावर खूण करायचा नियम होता.

“आजोबा, कुठला?”

मास्तरांनी दोन्ही गुडघ्यांकडे पाहिलं. दोन्ही तेवढेच काळे, तेवढेच सुजलेले, तेवढेच त्यांचे. बायको पायथ्याशी उभी होती. हे तिने ठरवायचं नव्हतं.

उजव्या हातात थापी धरली की भार डाव्यावर येतो. डाव्याने जास्त काम केलं होतं.

“हा,” त्यांनी डाव्यावर हात ठेवला. “हा सुटला. त्या दुसऱ्याला अजून अठ्ठावन्न महिने आहेत.”

परिचारिकेने डाव्यावर फुली मारली. तिला वाटलं म्हाताऱ्याला गुंगी चढली. मास्तर कोपरावर जरा उठले, चादरीचं टोक ओढलं आणि उजव्या गुडघ्यावर नीट पांघरलं, वाऱ्याने उघडा पडणार नाही असं, दोन्ही बाजूंनी दुमडून.