दोनच बटणांची चौकट

मी एक जुनी चौकट आहे. दाराची नाही, खिडकीची नाही, भिंतीवरच्या फोटोचीही नाही. संगणकावर खेळ सुरू करताना कधीकधी पडद्याच्या मधोमध एक करडा चौकोन उगवतो, त्यात दोन ओळींचा प्रश्न असतो आणि खाली दोन बटणं. ती मी. मित्रांनो, तुम्ही मला नक्की पाहिलं असेल, पण वाचलं मात्र नसेल. मला शेवटपर्यंत वाचणारी माणसं मला उभ्या आयुष्यात बोटांवर मोजण्याइतकीच भेटली.

माझं काम कळायला थोडं मागे जावं लागेल. तुम्ही खेळता, घरं बांधता, लढाया जिंकता आणि खेळ बंद करता. दुसऱ्या दिवशी सगळं जिथल्या तिथे सापडतं, कारण खेळाने तुमची प्रगती एका फाइलमध्ये जपून ठेवलेली असते. पूर्वी ती फाइल फक्त तुमच्या संगणकात असायची. संगणक बिघडला की सगळी मेहनत पाण्यात. मग कोणीतरी युक्ती काढली, की खेळ बंद होताना त्या फाइलची एक प्रत इंटरनेटवरून दूर पाठवायची. कुठे, तर ढगात. हा ढग आकाशात नसतो बरं का. बिनखिडक्यांच्या एका थंडगार इमारतीत कपाटांएवढे संगणक घुमत बसलेले असतात, त्यांनाच ढग म्हणायचं. तुम्ही दुसऱ्या संगणकावर तोच खेळ उघडलात की ढग ती प्रत खाली पाठवतो आणि तुम्ही सोडलं होतं तिथून पुढे खेळू लागता. सोय चांगली आहे, मी नाही म्हणत नाही. ढगाची चित्रं जाहिरातींत झळकली. 'कुठेही खेळा, काहीच हरवणार नाही' असं त्यांच्याखाली लिहिलेलं असायचं.

पण समजा, एकच खेळ दोन संगणकांवर आहे आणि त्यातल्या एकाला नेट नाही. दोन्हीकडे कोणीतरी खेळलं. आता प्रती दोन झाल्या, दोन्ही खऱ्या आणि दोन्ही वेगळ्या. पुन्हा नेट आलं की ढगाला काही सुचत नाही. तो सरळ हात झटकतो आणि मला पुढे ढकलतो.

मला एका तरुण बाईने घडवलं. ती खेळांच्या कंपनीत प्रोग्रॅमर होती, कोपऱ्यातल्या टेबलावर बसायची आणि चहा हमखास गार करून प्यायची. तिने मला तीन बटणं दिली होती. 'या संगणकावरची ठेवा', 'ढगातली ठेवा' आणि 'दोन्ही ठेवा'. तिसऱ्या बटणावर तिचा फार जीव होता. ते दाबलं की एक प्रत चालू राहायची आणि दुसरी बाजूला जपून ठेवली जायची. तिचे साहेब मला तपासायला आले तेव्हा ते तिच्या खुर्चीमागे उभ्या उभ्याच वाचत होते.

"तीन बटणं कशाला? लोक बुचकळ्यात पडतील. दोनच ठेव."

"सर, पण दोन्हीकडे खेळलेलं असलं, तर एकाचं सगळं कायमचं जाईल."

"जाऊ दे ना. खेळच तर आहे."

तिने माझं तिसरं बटण काढलं. त्या दिवशी मी जगात आले ती अशी लंगडीच आले. आणखी एक गोष्ट सांगते, म्हणजे माझा जळफळाट तुम्हाला कळेल. प्रश्न विचारताना दोन्ही प्रती माझ्या हातात असतात. कोणत्या प्रतीत काय आहे ते सगळं मला दिसतं. पण तुम्हाला दाखवायची मुभा फक्त तारखेची आणि वेळेची. तीही साहेबांचीच कृपा. जागा कमी पडते म्हणे.

पुढे मी हजारो संगणकांवर गेले. लोक मला पाहून वैतागायचे, शिव्या घालायचे आणि हाताला लागेल ते बटण दाबायचे. मग काही हरवलं की खापर माझ्या डोक्यावर फोडायचे. याची मला सवय झाली. एका घराची मात्र झाली नाही.

त्या घरातले बाबा बोटीवर फिटर होते. इंजिनाच्या खोलीत काम, महिनोन्‌महिने समुद्रावर आणि मग सुट्टी. आई इस्पितळाच्या प्रयोगशाळेत होती, तिची ड्युटी कधी दिवसाची, कधी रात्रीची. मुलगी एकच, बारा वर्षांची. घरभर वस्तू इकडच्या तिकडे वाहून नेणारी, म्हणून बाबा तिला मुंगी म्हणायचे. बापलेकींनी मिळून एक खेळ घेतला होता. त्यात एक ओसाड बेट मिळायचं. तिथे विहीर खणायची, झाडं लावायची, घर बांधायचं. खेळ एकच, खातं एक आणि बेटही एकच. घरचा संगणक मुंगीचा, आणि बोटीवर नेलेला जुना लॅपटॉप बाबांचा.

दोघांनी आपसात एक रीत पाडली होती. खेळ बंद केला की पडद्याच्या कोपऱ्यात एक छोटासा ढग गरगर फिरतो आणि प्रत वर पोचली की थांबतो. तो थांबेपर्यंत जागचं उठायचं नाही. थांबला की दुसऱ्याला फोनवर कळवायचं, 'ढग थांबला. आता तू.' मग दुसऱ्याने खेळायचं आणि पहिल्याने हात लावायचा नाही. बाबा बंदरात असले की मुंगीने लावलेल्या झाडाला पाणी घालायचे. मुंगी शाळेतून आली की बाबांनी बांधलेल्या भिंतीवर छप्पर घालायची. ही रीत होती तोवर त्या घरात मला एकदाही यावं लागलं नाही. खेळ सुरू होताना मला दाराशी उभं करतात, दोन्ही प्रती जुळल्या की परत आत बसवतात. मी दाराशी उभी राहून त्यांचं बेट बघायची आणि खूश होऊन परत जायची. हो, खूश. मलाही वाटतं कधीतरी.

मग एका फेरीत बोट लांबच्या मार्गाला लागली. निघताना बाबांनी रीतीप्रमाणे कळवलं, 'ढग थांबला. आता तू.' पुढे नेट नव्हतंच. बेट आता मुंगीच्या हाती होतं, बाबांनी हात लावायचा नव्हता. पण केबिनमध्ये एक बिछाना, एक कपाट आणि एक न उघडणारी गोल खिडकी. माणूस करणार काय? 'नुसतं बघतो' म्हणून त्यांनी बेट उघडलं. नेटशिवायही खेळ उघडतो, तो कोणाला अडवत नाही. बघता बघता त्यांनी उत्तरेच्या खडकावर दीपस्तंभ बांधायला घेतला. लेकीला चकित करायचं होतं त्यांना.

इकडे घरात वेगळंच शिजत होतं. आईने मुंगीला दूरच्या शाळेच्या वसतिगृहात घालायचं ठरवलं होतं. रात्रीच्या ड्युटीला पोर घरात एकटी, आईचा कामात जीव थाऱ्यावर नसायचा. तिचंही काही चुकत नव्हतं. मुंगीने तिला उलट उत्तर दिलं नाही. ती बेटावर गेली. त्या खेळात लाकडी पाट्या करून त्यांवर लिहिता येतं. तिने होडी लागते त्या धक्क्यापासून घरापर्यंत वाटेच्या कडेने पाट्या ठोकल्या. मी त्या सगळ्या वाचल्या आहेत.

'बाबा, इथून सुरू कर.'

'मला हॉस्टेलला जायचं नाहीये.'

'मी घरी एकटी राहू शकते. मला भीती नाही वाटत.'

'खोटं लिहिलं. थोडी वाटते. पण तिथे जास्त वाटेल.'

'आईला सांगितलं तर ती रडेल. म्हणून तुला सांगतेय.'

'तू नको म्हणालास तर ती ऐकेल.'

आणि घराच्या दाराशी शेवटची: 'वाचलंस की फोन कर.'

तिने खेळ बंद केला आणि ढग थांबेपर्यंत खुर्चीत बसून राहिली. मग बाबांना निरोप लिहिला, 'ढग थांबला. आता तू. आधी बेट बघ, मग फोन कर.'

बोट बंदराला लागली तेव्हा तो निरोप बाबांना मिळाला. गोदीजवळ खलाशांसाठी एक कँटीन होतं, तिथल्या प्लॅस्टिकच्या टेबलावर त्यांनी लॅपटॉप उघडला. बोटीवरचा इलेक्ट्रिशियन शेजारी उभा राहून घाई करत होता. बाजारात जायला गाडी थांबलेली होती.

मी पडद्यावर आले. एका हातात मुंगीची प्रत, तिच्यात त्या सगळ्या पाट्या. दुसऱ्या हातात बाबांची प्रत, तिच्यात दीपस्तंभ. दोन्हीवर फक्त तारखा. मी विचारलं, कोणती ठेवायची?

"हे काय आता मध्येच?" बाबा म्हणाले.

"अरे, दाब की काहीतरी," इलेक्ट्रिशियन म्हणाला. "गाडी निघून जाईल. कालची तारीख आहे ना ती? नवी आहे ती ठेव."

बाबांची तारीख नवी होती. आदल्या दिवशीच तर त्यांनी स्तंभावर दिवा चढवला होता. मला ओरडून सांगायचं होतं, अहो, जुनी प्रत वाचा, तिच्यात तुमची लेक आहे! पण मला बोलायला दोन ओळी, आणि त्या कधीच्या छापून ठेवलेल्या. 'दोन्ही ठेवा' हे बटण असतं ना, मित्रांनो, तर सांगते, त्या माणसाने तेच दाबलं असतं. त्यांनी 'या संगणकावरची ठेवा' दाबलं. ढगातली मुंगीची प्रत गेली आणि तिच्या जागी दीपस्तंभ आला.

बाबांनी बेटावर घाईने चक्कर मारली. नवं काहीच दिसेना. पोरीने कुठेतरी चार फुलं लावली असतील, आपल्याच नजरेतून सुटली असतील, असं त्यांना वाटलं. तिचा हिरमोड नको म्हणून त्यांनी फोन लावला. फोन लॅपटॉपजवळच ठेवला होता, म्हणून दोन्ही बाजू मला ऐकू आल्या.

"बाबा, पाहिलंस?"

"पाहिलं की! एकदम झकास."

"सगळं?"

"सगळं. इकडून तिकडे फिरून आलो."

"मग?"

"मग काय, मुंगी! आई सांगेल तसं करायचं. मी येतोच सुट्टीला."

"बरं," ती म्हणाली आणि फोन बंद झाला.

मित्रांनो, तेव्हाही सगळं गेलेलं नव्हतं. ढगातली प्रत पुसली, तरी घरच्या संगणकात मुंगीची प्रत जिवंत होती. तिने फक्त खेळ उघडू नये, एवढंच मी मनात म्हणत होते. बाबा सुट्टीवर आले असते, कोणीतरी काहीतरी विचारलं असतं आणि उलगडा झाला असता. पण तिने त्याच संध्याकाळी खेळ उघडला. प्रत ढगात पाठवल्यापासून तिने बेटाला हात लावला नव्हता, त्यामुळे तिथे दोन प्रतींत वाद नव्हता आणि मला कोणी बोलावलं नाही. ढगाने नवी प्रत गुपचूप खाली आणली आणि तिच्या प्रतीच्या जागी ठेवून दिली.

ती धक्क्यावर उतरली. वाटेच्या कडेला नुसतं गवत होतं. दारापाशीही काही नव्हतं. उत्तरेला एक नवा दीपस्तंभ मात्र झोकात उभा होता. ती वाटेवरून एकदा गेली आणि परत आली.

"वाचून पुसून टाकलं," ती म्हणाली.

तिने संगणक बंद केला. आई ड्युटीला निघता निघता दारातून म्हणाली, "बाबांचा फोन आला होता ना? माझ्याशीही बोलले. त्यांनाही पटलंय बघ." मुंगीने मान हलवली. जूनमध्ये ती वसतिगृहात गेली, आणि सामान भरताना तिने कुरकूरसुद्धा केली नाही असं आई सगळ्यांना कौतुकाने सांगत होती.

मी आता म्हातारी झाले. नव्या संगणकांवर मला कोणी ठेवत नाही. तिथे एक नवा प्रोग्रॅम आहे, तो विचारायच्या भानगडीतच पडत नाही, तारीख बघतो आणि परस्पर ठरवून टाकतो. लोक त्याच्यावर खूश आहेत. कटकट गेली म्हणतात. मला घडवणाऱ्या बाईने नोकरी सोडली, ते साहेब मोठे साहेब झाले. मी बाबांच्या त्या जुन्या लॅपटॉपवर तेवढी उरले आहे.

तेव्हा मित्रांनो, कुठे मी भेटलेच तर घाई करू नका. दोन्ही तारखा बघा, आणि दुसऱ्या बाजूला कोण खेळलं असेल ते एकदा आठवा. जमलं तर बटण दाबायच्या आधी त्या माणसाला फोन करा. आणि माझं एवढं ऐका, जे दिसलं नाही ते 'पाहिलं' म्हणून कोणाला सांगू नका. मी एक फाइल पुसली हे खरं आहे. पण त्या पोरीला 'बरं' म्हणायला मी लावलं नाही.

बाबा सध्या सुट्टीवर घरी आहेत. मुंगी वसतिगृहात आहे, रविवारी फोनवर दोन मिनिटं बोलते. बाबांनी दीपस्तंभाखाली तिच्यासाठी एक खोली बांधली आहे, समुद्राकडे खिडकी ठेवून. खेळ बंद केला की ते कोपऱ्यातला ढग थांबेपर्यंत अजून बसून राहतात आणि तिला निरोप पाठवतात, 'ढग थांबला. आता तू.' तिचं उत्तर येतं, 'हं.'

"मोठी झाली," ते आईला म्हणतात. "खेळात जीव रमत नाही आता तिचा."

आज सकाळीही त्यांनी बेट उघडलं. मला दाराशी उभं केलं. दोन्ही प्रती अगदी तंतोतंत जुळल्या, कारण तिथे दुसरं कोणी आलंच नव्हतं. मग मी परत आत जाऊन बसले.